रेघेवरचा चहा

आमच्या भाजे गावात वाटणी निघाली की एका निवृत्त मोजणीदारांना बोलावणं जातं. त्यांच्या पिशवीत टेपशेजारी युरोपचा घडी घातलेला नकाशा असतो, आणि भांडण पेटलं की टेपआधी तोच बाहेर येतो. युरोपवर बोलताना या माणसाला बसवतच नाही.

परवा माझ्या शेजारच्या दोघा भावांचं घर वाटायचं होतं. सहा महिने दोघांत शब्द नव्हता. मोजणीदारांनी ओटीवर खडूनं रेघ मारली आणि धाकटा तडकला, "ही माज्या दारातनं गेली!"

"आरं, लय भारी!" मोजणीदारांनी मांडीवर थाप मारली. "बेल्जियम आन नेदरलँडची हद्द एका गावात आशीच घराघरातनं जाती. पुढचं दार ज्या देशात, घर त्या देशाचं! दार हलवलं की देश बदलला! काय डोकं म्हणायचं!"

मग ते रेघेच्या दोन्ही बाजूंना एकेक पाय टाकून बसले आणि म्हणाले, "आता च्या आणा." कुणी आणायचा ते सांगितलं नाही.

दोन्ही दारांतून एकाच वेळी कप आले. माझ्या घरी साखरेच्या चहाचा घोटही न घेणारा हा मधुमेही माणूस दोन्ही गोड कप चवीनं प्यायला.

थोरल्याला हसू आवरेना. धाकट्याकडे बघून तो म्हणाला, "उभा का? बस की हितं."

धाकट्यानं रेघेकडे पाहिलं. "व्हिसा लागंल का?"