पाच खोकले

टाळी वाजवायची राहिली ती माझ्याच तापट डोक्यानं. लग्नाचं शूटिंग करताना तीन कॅमेरे आणि वेगळा आवाजाचा रेकॉर्डर सुरू झाला की समोर एक टाळी वाजवायची, नंतर तिच्यावरच चित्र आणि आवाज जुळवायचे. पण मोताळ्याच्या त्या मांडवात नवरदेवाचा मामा कॅमेऱ्यापुढून हटेना, आमची तोंडातोंडी झाली, आणि टाळी गेली राहून.

मंगलाष्टकं नवरीच्या आईनं स्वतः रचली होती, म्हणणारही तीच. आठवड्यानं तिच्या गळ्याचं ऑपरेशन होतं. आवाज जाणार, हे डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं. रेकॉर्डर मी तिच्याच पदराला लावला होता.

एडिटिंगला बसलो तेव्हा घोळ कळला. कॅमेऱ्यांच्या आवाजात नुसता जनरेटर न् वऱ्हाड्यांचा कलकलाट, त्यामुळे आपोआप जुळवायला कॉम्प्युटरनं हात टेकले. लांबून घेतलेल्या चित्रात ओठांवरून नेमकं अक्षर पकडता येईना. म्हटलं, 'सावधान'ला अक्षता उडतात, त्यावर जुळवू. पण आमची माणसं! पहिल्याच कडव्याला मुठी रिकाम्या, पुढं मनाला येईल तेव्हा हात हलवतात.

बायको म्हणे, थोडं मागंपुढं झालं तर कोणाले समजते?

"मले समजते," मी म्हटलं. बायकोवर उगाच खेकसलो, पण नवरीची ती माउली बोलते एक न् ऐकू येते दुसरं, असं मी देणार नव्हतो.

दोन दिवस तेच ते पाहून राह्यलो होतो. मग दिसलं. प्रत्येक कडव्याआधी ती तोंडावर हात धरून खोकायची. तिन्ही कॅमेऱ्यांत तो हात दिसत होता आणि रेकॉर्डरमध्ये खोकला ठसठशीत होता. पाच कडवी, पाच खोकले. एकेका खोकल्यावर मी एकेक कडवं बसवलं.

नवरी पोरीनं फोनवर आधीच बजावलं होतं, आईचा खोकला काढून टाका. पण ज्या खोकल्यांनी काम तारलं, ते काढायला माझा हात काही धजला नाही.

महिन्यानं दोघी मायलेकी दुकानात आल्या. आईच्या गळ्याला पट्टी होती. पडद्यावर पहिला खोकला आला तशी पोरगी माझ्यावर उखडली. "भाऊ, काढा म्हटलं होतं ना?"

मी तिला आईकडं पाहायला सांगितलं. खुर्चीतल्या आईचे ओठ हलत होते. कडवं संपलं, तिनं तोंडावर हात नेला, आणि त्याच क्षणी स्पीकरमधून खोकला आला. मग ती पुढचं कडवं म्हणू लागली. एक अक्षर मागंपुढं नव्हतं.

पोरगी खाली आईच्या पायाशी बसली. "भाऊ, खोकला राहू द्या," म्हणे.