दोन्ही हात मोकळे

पेटीचं झाकण उघडलं, की जुन्या लाकडाच्या वासासरशी मला परदेशातल्या आमच्या मराठी मंडळाची, सेरंगूनच्या हॉलमधली गणपतीतली ती संध्याकाळ आठवते. एका इंग्रज रॉक कलावंताच्या मैफलीची डीव्हीडी मी महिनाभर थांबवून थांबवून पाहिली होती. तो दोन्ही हातांनी कीबोर्ड वाजवायचा आणि त्यातला एक तुकडा मला पेटीवर वाजवायचा होता. पण माझा एक हात भात्यात अडकलेला, त्यामुळे तुकडा अर्धाच निघायचा. मंडळातले एक काका म्हणालेच होते, "पेटीवर असलं वाजत नाही." पुण्याहून आलेल्या सासूबाई रोज भाजी निवडत सगळं बघत होत्या. माझं नाव पुकारल्यावर त्या मागोमाग स्टेजवर आल्या आणि पदर खोचून पेटीपलीकडे बसल्या. म्हणाल्या, "भाता माझ्याकडे. तू दोन्ही हात चालव." कुठे जोर द्यायचा, हे त्यांना माझ्याइतकंच पाठ होतं. शेवटचा सूर थांबला तेव्हा अख्खा हॉल उभा होता, काका सगळ्यांत आधी. परतताना एमआरटी ट्रेनमध्ये सासूबाई खांदा चोळत म्हणाल्या, "शेवटी घाई केलीस. तो डीव्हीडीतला करत नाही." आज त्या नाहीत, पण त्या तुकड्याच्या शेवटी मी अजूनही घाई करत नाही.