जिन्यावरचा सीन

मी लिहिलेल्या पहिल्या एपिसोडमध्ये एक सीन असा होता, की तिथे कुणी हसू नये अशी माझी इच्छा होती. स्क्रिप्ट एडिटरला तसं सांगितलं, तेव्हा तो बराच वेळ चहात बिस्किट बुडवत बसला. मग म्हणाला, अर्ध्या तासाच्या सिटकॉममध्ये एवढी शांतता चालवून घेऊ, जास्त नको.

मालिका लंडनच्या उपनगरातल्या एका भारतीय कुटुंबाची होती आणि अशा घरातून आलेली टीममध्ये मी एकटीच. मीटिंगमध्ये मी फारसं बोलत नसे. मी हळू आवाजात सुचवलेली ओळ शेजारचा मोठ्याने म्हणायचा आणि सगळे हसायचे. त्याची सवय झाली होती.

त्या सीनमध्ये डॉक्टर असलेले वडील हॉस्पिटलमधल्या कामावरून घरी येतात. कन्सल्टंटची, म्हणजे वरिष्ठ डॉक्टरची जागा याही वेळी दुसऱ्याला मिळालेली असते. ओव्हरकोट न काढता ते जिन्याच्या शेवटच्या पायरीवर बसतात. बायको विचारते, जेवण गरम करू का. ते म्हणतात, थोड्या वेळाने. एवढाच सीन. मी शाळेत असताना लंडनच्या कडेला पिनरमधल्या आमच्या घरात बाबा असेच बसले होते. हे मी टीममध्ये सांगितलं नव्हतं, घरीही नाही.

रेकॉर्डिंग प्रेक्षकांसमोर व्हायचं. पुढची सीरिज मिळणं बरंचसं त्यांच्या हशावर अवलंबून आहे, असं मी फोनवर आईला सहज बोलून गेले. तिने तिथल्या मराठी मंडळातल्या निम्म्या लोकांना तिकिटं काढायला लावली. साडीवर कार्डिगन घातलेल्या काकू आणि त्यांच्यामागे काका, अशा दोन रांगा भरल्या. टाय लावून बाबाही आले.

मंडळाचे सगळे पहिल्या वाक्यापासून हसले. दार उघडलं तरी हसले. मग जिन्याचा सीन आला. नट कोटासकट पायरीवर बसला आणि एक काकू खळखळून हसल्या. मागोमाग दोन्ही रांगा. या लोकांना कळत असणार, असं वाटून बाकीचे इंग्रज प्रेक्षकही हसायला लागले. मी बाजूच्या मॉनिटरजवळ उभी होते. तिथून बाबा दिसत होते. समोर बघत तेही हसत होते.

मी प्रोड्यूसरकडे गेले. हा सीन शांततेत पुन्हा घेता येईल का, असं विचारलं. त्याने माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाला, याला हात लावू नकोस, हीच आपली मालिका आहे.

घरी जाताना गाडीत आईने विचारलं, "नीट हसलो ना? सगळ्यांना बजावलं होतं, पोरीच्या कामाचा प्रश्न आहे, गप्प बसू नका."

मी म्हटलं, हो, छान झालं. बाबा गाडी चालवत होते. सिग्नलला थांबल्यावर म्हणाले, "तो नट चांगला आहे."

दुसरी सीरिज मिळाली. आता प्रत्येक एपिसोडमध्ये वडिलांनी कोट घालून जिन्यावर बसायलाच हवं होतं. मी त्यांना छत्रीसकट बसवलं, भाजीच्या पिशव्यांसकट बसवलं, एकदा शेजाऱ्याच्या कुत्र्यासोबत बसवलं. लिहायला वेळ लागत नसे, पण लिहून झालं की त्या दिवशी दुसरं काही करावंसं वाटत नसे. रीडिंग गावात एका हळदीकुंकवाला गेले, तर यजमानीणबाईंनी कौतुकाने मुलाला हाक मारली आणि वडिलांचा कोट घालून जिन्यावर बसून दाखवायला लावलं. सगळ्या बायका हसल्या. मीही हसले.

त्या हिवाळ्यात बाबा कोट गाडीतच काढून घरात यायला लागले. गॅरेजपासून दारापर्यंत थंडीत नुसत्या शर्टावर. आईला वाटलं, विसरतात. मला तसं वाटलं नाही.

तिसऱ्या सीरिजसाठी प्रोड्यूसरचा फोन आला. मी म्हटलं, जिना काढला तर लिहीन. तो वाईट माणूस नव्हता. जिना काढला तर उरतं काय, असं त्याने अगदी मनापासून विचारलं. मी म्हटलं, दुसरा कुणी बघा.

रविवारी पिनरला जेवताना हे सांगितलं. आईने डाव तसाच भातात ठेवला.

"असं चालतं काम कुणी सोडतं का? कारण तरी सांग."



"दमली असेल ती," बाबा म्हणाले. "तिला भात वाढ."

मी खरंच दमले होते. त्यामुळे दुसरं कारण शोधावं लागलं नाही.