क ते घ

अमरावतीला ज्या टायपिंगच्या दुकानात मी नोकरीला होते, तिथल्या पहिल्या कॉम्प्युटरला हार्ड डिस्क नव्हती. फ्लॉपीच्या दोन खाचा होत्या. वरच्या खाचेत टायपिंगचा प्रोग्राम, खालच्या खाचेत आपलं काम. मशीनची स्वतःची मेमरी सहाशे चाळीस केबी, आणि तीही वीज असेपर्यंत. वीज गेली की शेवटचं सेव्ह केल्यानंतरचं सगळं साफ. एका फ्लॉपीवर तीनशे साठ केबी, म्हणजे मराठीची दीडशेएक पानं. आज माझ्या फोनमधला एक फोटोही त्या फ्लॉपीवर मावणार नाही. तेव्हा मात्र दीडशे पानं एका चौकोनी पातळ पाकिटात राहतात याचंच लोकांना अप्रूप होतं.

दर्यापूरचे एक निवृत्त मास्तर नऊ वह्या घेऊन आले, ते याच कारणानं. घरात उर्दू बोलणारे, पण त्यांनी तीस वर्षं शाळेत मराठी शिकवलं होतं. वह्यांमध्ये वऱ्हाडी शब्द होते, अर्थासकट.

"हे सगळं त्याच्यात बसंल?" त्यांनी विचारलं.

"बसेल सर. पण तुकडे करावे लागतील."

फाईल मोठी झाली की मशीन अडायचं. म्हणून मालकांनी ठरवलं की एका फ्लॉपीवर अक्षरांचा एक गट घ्यायचा, आणि सगळं संपलं की एकदमच दुसरी प्रत काढायची.

सरांचं अक्षर लागत नसे. म्हणून ते दर शनिवारी एसटीनं यायचे, शेजारी बसून वही वाचायचे आणि मी टाईप करायची. वाचता वाचता त्यांना वहीत नसलेले शब्द आठवत. "कोपर म्हंजे परात, लिवलं ना? मंग गंज घे. गंज म्हंजे पातेलंही अन् गंज म्हंजे लयही." मी ते थेट मशीनमध्ये घालत गेले. वहीत कोणीच लिहिले नाहीत. क ते घ या भागात असे दीडशेच्या वर शब्द जमले.

एका सोमवारी मालकांनी प्रश्नपत्रिकांच्या कामासाठी रिकामी फ्लॉपी मागितली. जुन्या फ्लॉप्या पुसून वापरायची आमची पद्धत होती. उन्हाळ्यात लेबलांचा डिंक सुटायचा. लेबल नसलेली एक फ्लॉपी मी उचलली, आत काय आहे ते पाहिलं नाही आणि फॉरमॅट दिलं. मशीननं नक्की का म्हणून विचारलं, मी होय म्हटलं. दोन दिवसांनी सरांचं काम काढायला गेले तेव्हा कळलं, पुसलेली ती फ्लॉपी क ते घ ची होती.

मालक म्हणाले, "वह्या आहेत ना? पुन्हा टाईप कर. त्यांना सांगायची गरज नाही."

शनिवार उजाडला. सर आले, पाणी प्यायले, आणि मी सांगून टाकलं.

"म्हंजे गेलं कुठं ते?" त्यांनी विचारलं.

"कुठं नाही गेलं सर. पुसलं. माझ्या हातानं."

ते रागावले नाहीत. रागावले असते तर बरं वाटलं असतं. मग म्हणाले, "तुले किती आठवून राह्यले?"

त्या दिवशी काम झालं नाही. आम्ही दोघं वेगवेगळ्या कागदांवर आठवतील तेवढे शब्द लिहीत बसलो. माझे एकावन्न झाले, त्यांचे चौतीस. आपले कमी निघाले हे त्यांना लागलं. "जिंदगीभर पोरायकडून पाठांतर करून घेतलं मी," एवढंच म्हणाले आणि चारच्या गाडीनं गेले. पुढच्या शनिवारी आले ते नवा नियम घेऊन. सुचलेला शब्द आधी वहीच्या समासात, मग मशीनमध्ये. माझ्याशी ते पहिल्यासारखं बोलायला लागले त्याला महिना गेला.

मी वलगावला घरी गेले की आईच्या मागं लागायची. ती वैतागायची. "शब्द काय असते त्यात? ज्याले जे म्हणतेत ते म्हणतेत." पण स्वयंपाक करता करता तिच्या तोंडून भुशाला कुटार यायचं, बाजरीच्या सांडग्यांना खारोडी यायची, आणि मी लिहून घ्यायची. असे आणखी वीसेक मिळाले. बाकीचे मिळाले नाहीत.

सरांच्या शब्दांचं पुस्तक अकोल्याला छापलं. फ्लॉप्यांच्या दोन प्रती करून मीच घेऊन गेले. त्या छापखान्यातल्या मशीनला चाळीस एमबीची हार्ड डिस्क होती. ऑपरेटर म्हणाला, "ही आता जन्मभर भरत नाही."

छापील प्रत हातात आली तेव्हा प्रस्तावनेत एक वाक्य होतं, जे मी टाईप केलेलं नव्हतं. 'क ते घ या भागातले काही शब्द राहून गेले आहेत. तो माझ्या विस्मरणाचा दोष आहे.'

"सर, हे खरं नाही," मी म्हटलं.

"खोटं काय त्यात, बेटा? मले आठवले असते तर गेले असते काय?"

पुढं मी लग्न होऊन अकोल्याला आले. एकदा एसटीत मागची बाई म्हणाली, "ताई, खिडकी लाव वं, खकाना येऊन राह्यला." खकाना म्हणजे धुरळा. गेलेल्यांपैकीच होता तो. घरी येताच मी सरांना पोस्टकार्ड टाकलं. त्यांचं उलट कार्ड आलं: 'मिळाला. आणखी पाठवणे.' मग बाजारात, दवाखान्यात, लग्नात कान ठेवून मी शब्द पाठवत राहिले. त्यांची उत्तरं येत होती तोवर अकरा पाठवले. 'कुटाना', म्हणजे नसता उपद्व्याप, पाठवला तेव्हा त्यांनी लिहिलं, 'हा आपल्या यादीत कधी नव्हताच. कसा राहिला कोण जाणे. ठेवून घे.'