बोलणारी डबी

माझ्यासारख्या नवख्याने कुणाबद्दल लिहावं हे धाडसच आहे, माफ करा. मांडवीला कॉम्प्युटर दुरुस्त करणाऱ्या चाचांचं नाव मी कधी विचारलं नाही.

नाटे गावात राहणाऱ्या माझ्या आईला वाचता येत नाही. सकाळची गोळी ती रात्री घ्यायची. म्हणून मी एनएफसी टॅगचे स्टिकर आणले. ते गोळ्यांच्या डबीवर चिकटवायचे, फोन टेकवला की फोन बोलणार. चाचांनी टॅगमध्ये मजकूर भरायचं सॉफ्टवेअर बसवलं, मी सांगितलं त्याहून जास्तच काहीतरी एका बोटाने टाइप केलं, आणि डोळे गच्च मिटून डब्या तपासल्या. "आयशीला जमेल तसंच बघायला हवं ना रे!"

मग रोज विचारायचे, "डबी बोलली काय?" आई घाबरून फोन टेकवतच नव्हती.

काल तिचा फोन आला. मी तो चाचांच्या कानाला लावला.

"चाचा, तुमची डबी म्हणते, आधी जेव गो! जेवूनच गोळी घेतली."