हातबाईंच्या बाहीवरचा कण

आमच्या इमारतीत त्यांना सगळे हातबाई म्हणत. अर्थात पाठीमागे, समोर ताई. समोरचा माणूस बोलायला लागला की बाईंची नजर त्याच्या तोंडावर फार टिकायची नाही, घसरत घसरत हातांवर जायची. इस्त्रीवाल्याच्या बायकोने मला एकदा विचारलं, "या भविष्य सांगतात का हो?" मी म्हटलं, "सांगतात, पण फक्त गोळी झाडून आलेल्यांचं." ती बिचारी महिनाभर हात पदराखाली घेऊन जिना चढत होती.

खोटं मी फारसं सांगितलं नव्हतं. बाई नोकरीला होत्या गुन्ह्यांच्या पुराव्यांची तपासणी होते त्या प्रयोगशाळेत. बंदूक झाडली की गोळी पुढे जाते हे सगळ्यांना ठाऊक असतं, पण त्याच वेळी अगदी बारीक धूळ उडते आणि झाडणाऱ्याच्या हातावर, बाहीवर जाऊन बसते. शिसं आणि आणखी एकदोन धातू वितळून झालेले कण. डोळ्यांना दिसत नाहीत, पण साध्या स्पर्शाने या हातावरून त्या हातावर जातात. बाईंचं काम म्हणजे शर्टाच्या बटणाएवढी चिकट चकती संशयिताच्या हातावर थोपटायची, डबीत बंद करायची आणि शेजारच्या खोलीतल्या मॅडमकडे द्यायची. मॅडम ती मोठ्या सूक्ष्मदर्शकाखाली बघत.

एक नियम मात्र कडक. हातमोजे चढवायचे आणि पहिली चकती स्वतःच्याच मोज्यांवर थोपटायची. तिला कोरा नमुना म्हणत. उद्या वकील कोर्टात विचारणार, ही धूळ तुमचीच नव्हती कशावरून? तर या चकतीवरून. नोकरी लागल्यापासून बाईंचा कोरा नमुना कधी डागाळला नव्हता, आणि याचा त्यांना एवढा अभिमान, की दुसऱ्या कुणाचा डागाळला तर त्या दिवशी घरी येताना त्यांची चालच वेगळी असे.

घर भावाचं. भाऊ स्वभावाने गरीब. बहिणीच्या लग्नाचा विषय निघाला की "बघू" म्हणायचा आणि वर्तमानपत्र उघडायचा. बघता बघता बाईंची चाळिशी उलटली. वहिनी मात्र जिभेची धारदार. "आमच्या वन्संचं सगळं आयुष्य परक्यांचे हात धरण्यात गेलं," ती जिन्यात उभी राहून सांगायची, "पण यांचा हात मागायला कुणी आलं नाही." मला हे पाठ आहे, कारण ते ऐकायला जिन्यात मी असायचोच.

आणि नेमक्या त्याच काळात बाईंचा हात धरणारा होता. नेमबाजीच्या मैदानावर शिकवणारे एक मास्तर. विधुर, उंच, मिशा पांढऱ्या आणि आवाज मात्र लहान मुलाला झोपवताना काढावा तसा. मैदानावर एकाच्या पायाला चुकून गोळी लागली, तेव्हा बाई सगळ्यांच्या हातांचे नमुने घ्यायला गेल्या होत्या. मास्तर हात पुढे करून म्हणाले, "मॅडम, माझ्या हातांवर धूळ शोधणं म्हणजे गिरणीवाल्याच्या अंगावर पीठ शोधणं." बाईंना काम करताना हसू आल्याची ही पहिलीच नोंद. नशीब, तो माणूस 'ताई' म्हणाला नाही. नाहीतर गोष्ट तिथेच संपली असती.

पुढे बागेतला एक बाक, संध्याकाळच्या गप्पा, आणि कुणालाही पत्ता नाही. मलाही नाही, ही गोष्ट मला अजून लागते.

एका सकाळी पोलिसांनी एक संशयित आणला. बाईंनी मोजे चढवले, चकत्या थोपटल्या, डब्या मॅडमकडे दिल्या. दुपारी मॅडम दारात येऊन उभ्या राहिल्या.

"ताई, संशयिताचे हात स्वच्छ आहेत."

"बरं मग?"

"तुमचे नाहीत."

कोऱ्या नमुन्यावर एक कण होता. ज्याच्यावर संशय तो निर्मळ, आणि तपासणाऱ्या बाईंच्या मोज्यावर बंदुकीची धूळ. बाईंनी खुर्चीच्या पाठीवरच्या स्वेटरकडे पाहिलं. कालच्या संध्याकाळी अंगात हाच होता, शेजारी मास्तरांचा मैदानावरचा कोट होता, थंडी होती आणि बाक लहान होता. सकाळी त्याच बाहीवरून त्यांनी मोजे ओढले होते.

प्रयोगशाळेत असा कण सापडला की तो आला कुठून हे शोधावंच लागतं. साहेबांना फार शोधावं लागलं नाही. वरच्या मजल्यावर पाण्याच्या टाकीत गोळ्या झाडून बघायची खोली होती. पाण्यात गोळी चेपत नाही, तिच्यावरचे नळीचे ओरखडे तसेच राहतात आणि त्यांवरून बंदूक ओळखता येते. त्या खोलीतल्या माणसांनी तेच कपडे घालून खाली यायचं नाही, असा दंडक. तिथले काका पाण्याची बाटली भरायला अधूनमधून तसेच खाली उतरत. दोनदा ताकीद मिळालेली.

"काका, या वेळी वर कळवावं लागेल," साहेब म्हणाले. "चौकशी होईल. तोवर घरी बसा."

"साहेब, मी आठवडाभर जिना उतरलेलो नाही. गुडघा धरलाय माझा."

"गुडघ्याचा दाखला आहे का?"

"गुडघाच आहे. हा बघा."

हे सगळं बाईंच्या टेबलासमोर चाललेलं. गप्प बसलं तर मास्तर, भाऊ, नोकरी, सगळं जिथल्या तिथे राहणार होतं. काकांनी पँट गुडघ्यापर्यंत वर घेतली होती आणि ती खाली करायचं त्यांना सुचत नव्हतं.

"साहेब, काकांना जाऊ द्या," बाई म्हणाल्या. "तो कण माझ्याबरोबर आला. नेमबाजीच्या मैदानावरून."

"तिथे कसलं प्रकरण होतं? माझ्याकडे काही आलं नाही."

"पोलिसांकडचं प्रकरण नाही."

"मग कुणाचं?"

मॅडम खिडकीबाहेर बघायला लागल्या. बाई म्हणाल्या, "माझं."

साहेब सज्जन माणूस. आधी कानापर्यंत लाल झाले, मग नियम आठवून म्हणाले, "सिद्ध करावं लागेल."

म्हणून दुसऱ्या दिवशी मास्तरांना बोलावलं. त्या दिवशी प्रयोगशाळेच्या बोळातून सगळ्या खात्यांतल्या माणसांना काही ना काही काम निघालं. मास्तर आले ते नवा कोरा कोट घालून, दाढी घोटून आणि हात साबणाने लाल होईपर्यंत धुऊन.

"हे काय केलंत?" मॅडमनी कपाळाला हात लावला.

"पहिल्यांदाच येत होतो ना. म्हटलं, बरं दिसावं."

त्यांना परत पाठवून जुना कोट आणवला. त्याच्या बाहीत कणांचा नुसता बाजार भरला होता, आणि त्यांची घडण मोज्यावरच्या कणाशी तंतोतंत जुळली. वरच्या खोलीत त्या जातीची काडतुसं त्या आठवड्यात फुटलीच नव्हती. काकांनी बाटली उचलली आणि लंगडत वर गेले. माझ्याकडे ही हकीकत आली ती त्यांच्याकडूनच.

साहेबांनी बाईंना समोर बसवलं. "लग्न करणार असाल तर आनंद आहे. पण मग हातांचे नमुने घेता येणार नाहीत. एक घर, एका दोरीवर कपडे. वकील सोडणार नाही तुम्हाला."

बाहेर बाकावर मास्तर होतेच. "मी मैदान सोडतो," ते म्हणाले.

"सोडून काय करणार?"

"बघू."

"बघू म्हणणारा एक भाऊ पुरे झाला मला," बाई म्हणाल्या. "तुम्ही मैदानावरच राहा. मी वरची खोली मागून घेते. तिथे धुळीचं कुणाला काही नाही."

म्हणायला सोपं होतं. चकत्यांचा खोका मॅडमच्या हवाली करताना त्यांनी एकेक डबी पुसून दिली, आणि त्या पुसलेल्याच होत्या, असं काका सांगतात.

घरी भावाने ऐकलं आणि वर्तमानपत्र खाली ठेवलं. "एवढं झालं, आणि आपल्याला कसं कळलं नाही?"

"आपल्याकडे सूक्ष्मदर्शक कुठे आहे," वहिनी म्हणाली, आणि डोळे पुसत मास्तरांना जेवायला कधी बोलवायचं ते विचारायला लागली. मग जिन्यात येऊन मला म्हणाली, "मी म्हणतच होते, आमच्या वन्संना कुणीही पसंत करेल." मी मान डोलावली. अशा वेळी डोलावायची असते.

लग्नाला आता वर्ष होत आलं. बाई वरच्या मजल्यावर टाकीत गोळ्या झाडतात आणि जाळीने काढून घेतात. खालच्या खोलीचा दरवाजा त्यांना बंद. मॅडम चहा दारातून बाहेर देतात आणि बाई कपडे बदलून खाली येऊन तो बोळात उभ्यानेच पितात.

परवा त्या भावाकडे आल्या होत्या. जिन्यात गाठ पडली तेव्हा मी विचारलं, "जुन्या टेबलाचं वाईट वाटतं का हो?"

"वाटतं," बाई म्हणाल्या. "रोज वाटतं. चहा पिताना तर फारच." मग खाली फाटकाकडे बघून त्या पायऱ्या उतरायला लागल्या. "येते हं. हे केव्हाचे उभे आहेत."