मंगळाची कक्षा आणि पोह्यांची ताटली

अण्णांच्या व्याख्यानात जगातले थोर खगोलशास्त्रज्ञ ठरलेल्या क्रमानं यायचे. अण्णा म्हणजे माझे वडील. धाराशिवच्या एका शाळेत विज्ञान शिकवून निवृत्त झालेले. विज्ञान दिन जवळ आला की गावोगावच्या शाळा त्यांना बोलवायच्या आणि लॅपटॉप चालवायला मी सोबत जायची.

नावेतल्या माणसाला काठावरची झाडं मागं पळताना दिसतात, असा दाखला देऊन पृथ्वी फिरते हे सांगणारे आपले जुने गणिती सगळ्यात आधी. मग सूर्याला मधोमध बसवणारा. मग धातूचं नाक लावून वर्षानुवर्षं मंगळाच्या नोंदी ठेवणारा सरदार. मग त्या नोंदींवरून मंगळाची कक्षा लंबवर्तुळाकार आहे हे ताडणारा त्याचा मदतनीस. नावं मी घेत नाही. ऐकणाऱ्यांच्याही ती ध्यानात राहायची नाहीत, नाक तेवढं राहायचं.

मंगळापाशी आले की अण्णांचा आवाज चढायचा. "दगडमातीचा गोळा आहे तो! त्याला तुमच्या पोरीच्या लग्नाची काय पडलीय?" टाळ्या पडायच्या. शेवटी दुर्बिणीतून गुरूचे चंद्र पाहणारा म्हातारा यायचा. धर्मपीठानं खटला भरल्यावर त्यानं आपलं म्हणणं मागं घेतलं होतं, आणि अण्णा त्याला ते कधीच माफ करायचे नाहीत. "एवढा मोठा माणूस, आणि गुडघे टेकले!" असं म्हणून ते पाणी प्यायचे.

माझ्या पत्रिकेत मंगळ आहे. विज्ञानाच्या मास्तरांच्या घरी पत्रिका कशी, असं विचारू नका. "असू द्यावी एक," म्हणून अण्णांनीच ती करून घेतली होती.

सोलापूरकडचे लोक मला बघायला आले. मुलगा मला आवडला. त्याच्या हातून चहा सांडला, तर त्यानं स्वतःच फडकं मागून पुसला. त्याच्या मामांनी मात्र पोह्यांवर लिंबू पिळत विषय काढला.

"बाकी समदं झ्याक हाय, मास्तर. पर पोरीला मंगळ हाय म्हणं. तेवढा कुंभविवाह उरकून घ्या, मग आमचं काय म्हणणं न्हाय."

म्हणजे माझं लग्न आधी एका मडक्याशी लावायचं, मडकं पाण्यात सोडायचं, आणि माझा मंगळ त्याच्याबरोबर बुडाला असं समजायचं. मी स्वयंपाकघराच्या दारात उभी होते. लग्न मोडलं तरी चालेल, पण अण्णांनी ते दगडमातीचं एक वाक्य इथं म्हणावं, एवढंच मला हवं होतं. जीव कानात गोळा झाला होता.

अण्णांनी पोह्यातले शेंगदाणे चमच्यानं बाजूला सारले. "करू की," म्हणाले, "त्यात काय एवढं."

पाहुणे गेल्यावर मी विचारलं, "अण्णा, मंगळ दगडमातीचा ना?"

"अगं, लंबवर्तुळ शोधणाऱ्यानंसुद्धा पोटासाठी लोकांच्या पत्रिका मांडल्याच होत्या की!"

ही माहिती व्याख्यानात कधी आली नव्हती.

मडकं आणायला अण्णा स्वतः तुळजापूरला गेले. आपल्याकडं माठ घेताना वाजवून बघतात, तसं बोटांनी टकटक वाजवून, तडा नसलेलं निवडून आणलं. मुलगी द्यायची तर स्थळ पारखून घ्यावं, हे खरंच आहे. ऊन तापायला लागलं होतं. मी त्यात पाणी भरलं, वर झाकणी ठेवली आणि खिडकीत मांडलं. पाणी लई गार व्हायचं. ठरलेल्या दिवशी भटजी आले, त्यांनाही मी त्यातलंच पाणी दिलं आणि विधी न करताच परत पाठवलं. बातमी सोलापूरला पोचली आणि स्थळ मोडलं. चहा पुसणाऱ्यानं एक फोनसुद्धा केला नाही.

पुढच्या विज्ञान दिनाला अणदूरच्या शाळेत व्याख्यान होतं. नाक झालं, लंबवर्तुळ झालं. मंगळाचं ते वाक्य अण्णांनी गाळलं. शेवटी पडद्यावर तो दुर्बिणीवाला म्हातारा आला. मी गुडघ्यांची वाट बघत बसले. अण्णांनी माझ्याकडं पाहिलं, मग पडद्याकडं.

"त्याचं वय झालं होतं," ते हळूच म्हणाले. "आणि छळाची धमकी होती. माणूस करणार तरी काय?"

खरं आहे. त्याला छळाची धमकी होती. अण्णांपुढं पोह्यांची ताटली होती, आणि पोहेसुद्धा आमच्याच घरचे होते.